पळसाज, नोंद चौथी: तिघांची सम

अडतिसाव्या फेरीत पाण्यात एकदम सोडलेली तिन्ही भांडी एकमेकांच्या ९ सेकंदांच्या आत बुडाली. हे आधीच सांगून टाकते, कारण मागच्या नोंदीत मी इतकं रडगाणं गायलं होतं की दोघातिघांनी ‘सोडून दिलंस का?’ म्हणून विचारलं. सोडलेलं नाही. बाल्कनीत घंगाळ आहे, घंगाळात पाणी आहे, आणि बाल्कनीत कपडे वाळत घालायचा हक्क घरच्यांनी तूर्तास सोडला आहे.

नव्याने वाचणाऱ्यांसाठी थोडक्यात. पळसाज नावाचं वाद्य जगात कुठेही नाही. ते माझ्या वहीतल्या एका गावातलं आहे. त्या गावात लोक गाणं ऐकायला जावं तसे घटका बघायला जातात. घटका सगळ्यांची सारखीच, २४ मिनिटांची; पण ती कशी सरायची हे भांडं घडवणारा ठरवतो. एखादी आधी भरभर जाते आणि शेवटी रेंगाळते, एखादी बरोबर उलटी. बघून बाहेर पडताना लोक म्हणतात, ‘काय घटका ठोकलीय!’ हे सगळं लिहून झाल्यावर एका रात्री माझ्या लक्षात आलं की यात जादू अशी काही नाहीच. घटिकापात्र असंच तर वागतं. मग कल्पनेतलं यंत्र तांब्यात करून बघायचं डोक्यात शिरलं ते शिरलंच.

घटिकापात्र आपल्याला परकं नाही. लग्नात घटिकास्थापना व्हायची तेच. पाण्याने भरलेल्या घंगाळात तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी सोडायची. भोकातून पाणी आत येत राहतं, भरली की वाटी बुडते, एक घटका झाली. घटकेची ६० पळं, म्हणजे एक पळ २४ सेकंदांचं, आणि ६० घटका झाल्या की एक दिवस-रात्र. ‘घटकाभर टेक’, ‘घटका भरली’, ‘औट घटकेचा राजा’ ही बोलणी याच मापातली. (औट म्हणजे साडेतीन. त्या बिचाऱ्या राजाला एकूण ८४ मिनिटं मिळाली.)

खगोलगणिताच्या जुन्या सिद्धान्तग्रंथांत वाटीची ठरीव मापं सापडतात: दहा पळं तांबं, सहा अंगुळं उंची, बारा अंगुळं रुंदी, आणि भोक पाडायला नेमक्या वजनाची, चार अंगुळं लांब सोन्याची सुई. इथलं पळ वजनाचं, वेळेचं नव्हे. मी पहिल्यांदा इथेच घसरले होते. सुरुवातीला मी ही मापं घेऊनच बसले होते आणि अंगुळ नक्की किती मिलीमीटरचं यावर एक अख्खा रविवार घालवला. भास्कराचार्यांनी ११५० च्या सिद्धान्तशिरोमणीत, यंत्राध्यायात, ही भानगडच ठेवलेली नाही. अर्ध्या घटासारखी तांब्याची वाटी करा, तळाला भोक पाडा, दिवस-रात्रीत ती किती वेळा बुडते ते मोजा आणि त्या संख्येने दिवस-रात्रीला भागा. तेच तिचं माप. हे वाचलं आणि माझा जीव अक्षरशः भांड्यात पडला.

आता मुद्द्याचं. तरंगत्या भांड्यात आतल्या आणि बाहेरच्या पाण्याच्या पातळीत कायम थोडा फरक असतो. तो फरक भांड्याच्या वजनाने पडतो, आणि भोकातून पाणी आत ढकलणारा जोर म्हणजे हाच फरक. सरळ भिंतींच्या डब्यात तो सुरुवातीपासून शेवटपर्यंत तेवढाच राहतो, म्हणून डबा एका लयीत खाली जातो. वाटी वर पसरत जाते. तेच वजन जास्त रुंदीवर वाटलं जातं, पातळीतला फरक कमी होतो, शिवाय भरायची जागाही वाढते. म्हणून वाटी आधी झपझप उतरते आणि काठाशी येऊन रेंगाळते. तळाशी रुंद, तोंडाशी अरुंद असा गडू घेतला की सगळं उलट. गाण्यातलं बोलायचं तर डबा मध्यलय, गडू विलंबितातून द्रुत, आणि वाटी द्रुतातून विलंबित, जे कोणी मैफलीत गाणार नाही. तिघांनी एकदम सुटायचं, वाटेत आपापल्या चालीने जायचं, आणि चोवीस मिनिटांनी समेवर, म्हणजे तालाचं आवर्तन जिथे येऊन मिळतं तिथे, एकत्र यायचं. पळसाज एवढाच आहे.

समेची व्याख्या मी स्वतःपुरती केली: पहिलं भांडं बुडाल्यापासून एका पळाच्या आत तिसरं बुडायला हवं. २४ सेकंद. फार उदार वाटतं ना? मलाही वाटलं होतं.

भांडी पुण्यात कसबा पेठेतल्या तांबट आळीत करून घेतली. तिथल्या काकांनी मला दोन दुपारी शेजारी बसू दिलं, हा त्यांचा मोठेपणा. २४ गेजचा पत्रा, त्याची गोल चकती, ती भट्टीत लालसर होईतो तापवायची आणि सरळ पाण्यात बुचकळायची. पोलाद असं केलं तर कडक होतं, तांबं मऊ पडतं. मग गोल डोक्याच्या खुंट्यावर धरून हातोडीने आत घ्यायची. ठोकता ठोकता तांबं पुन्हा ताठ होतं, हाताला कळतं, आवाजालाही कळतं. आधीचा बद्द आवाज टणक व्हायला लागला की काका न बघताच भट्टीकडे हात करत. वाटीला चार वेळा भट्टी दाखवली. शेवटी बाहेरून मठारकाम, म्हणजे हातोडीचे ठसे उमटवणं. काकांचा हात पडला की ठसे एकमेकांना चिकटून, एका मापाचे, मोजून ठेवल्यासारखे. मी मारलेले सातआठ ठसे अजून ओळखू येतात. आषाढातल्या रस्त्यासारखी ती बाजू मी भिंतीकडे करून ठेवते.

भोकाचं ऐकल्यावर काका थांबले. “ताई, भांड्याचं भोक बुजवायला लोक पैसे देतात,” म्हणाले. “पाडायला द्यायला लागल्यात त्या तुम्हीच.” कशासाठी ते सांगितलं तर म्हणाले, त्यांच्या आजोबांनी लग्नाच्या वाट्या केल्या होत्या, पण भोक गिऱ्हाईक आपलं आपण पाडून घ्यायचं. मीही तेच केलं.

वाटीची मापं: व्यास १६ सें.मी., खोली ७ सें.मी., वजन १७५ ग्रॅम. १.२ मिलीमीटरचं ड्रिल मारलं, पहिली फेरी ३५ मिनिटं ४० सेकंद. यापुढची गोष्ट संयमाची आहे आणि तो माझ्याकडे नाही. भोक वाढवायला घड्याळजी वापरतात ती निमुळती, पाच कडांची सुई आणली, तिला ब्रोच म्हणतात. एक अलगद पीळ द्यायचा, वाटी पाण्यात सोडायची, अर्धा तास बसायचं. पुन्हा पीळ, पुन्हा अर्धा तास. गणित केल्यावर कळलं की दीड मिलीमीटरच्या आसपासच्या भोकात एक शतांश मिलीमीटरचा फरक पडला की घटकेत साधारण वीस सेकंदांचा फरक पडतो. माझा हात एवढा हलका नाही. कुणाचाच नसावा. अकराव्या फेरीत वाटी २४ मिनिटं १२ सेकंदांवर आली तेव्हा मी सुई डब्यात घालून डबा कपाटावर, हात पोचणार नाही असा ठेवला.

डब्याबद्दल सांगण्यासारखं काही नाही. १२ सें.मी. व्यास, ६ सें.मी. उंची, तीन फेऱ्यांत जागेवर. डबे असेच असतात.

खरा छळ गडूने केला. तळ १४ सें.मी., तोंड ७ सें.मी., दोन भाग वेगळे ठोकून मध्ये झाळलेले. पहिल्या पंधरा-सोळा मिनिटांत इतका शहाण्यासारखा वागला की मी चहा टाकायला आत गेले. परत येईतो डुलायला लागला होता. पाण्याच्या रेषेशी भांडं जितकं रुंद तितकं ते स्थिर. गडू बुडत जातो तशी ती रेषा अरुंद होत जाते, आणि शेवटी शेवटी त्याला उभं राहायला आधारच उरत नाही. बावीस मिनिटांच्या सुमारास एक कड पाण्याला लागली आणि गडू कुशीवर पडून घोट घेत गेला. सलग चार फेऱ्या हेच.

उपाय सोपा होता, तळाला वजन. भोकाभोवती ६० ग्रॅमचं पितळी कडं झाळून घेतलं. डुलणं थांबलं. वेळ मात्र २४ वरून थेट १८ मिनिटांवर आली, कारण वजन वाढलं की पातळीतला फरक वाढतो, आणि भांडं आधीच जास्त खोल बसल्यामुळे भरायचं पाणीही कमी राहतं. भोक आधीच नेमकं केलेलं. मोठं करता येतं, लहान कसं करायचं? काकांकडे गेले. त्यांनी गडू खुंट्यावर पालथा घातला, माझ्याकडे बघितलं, आणि छोट्या हातोडीने भोकाच्या कडेकडेने तीन टिचक्या मारल्या. तांबं आत सरकलं, भोक जवळजवळ मिटलं. पैसे घेतले नाहीत. घरी येऊन मी कपाटावरचा सुईचा डबा काढला आणि पहिल्यापासून सुरू.

तर तिघंही आपापल्या जागी २४ मिनिटांच्या आसपास आली, आणि मी त्यांना घंगाळात एकत्र सोडलं. सतरावी फेरी. पहिल्या आणि तिसऱ्या भांड्यात ३ मिनिटं १० सेकंदांचं अंतर. अठरावीत दीड मिनिट. एकोणिसावीत पुन्हा तीनच्या वर, आणि क्रमही बदललेला. पाणी तेच, भांडी तीच, काहीही हललेलं नाही. मागची नोंद लिहिली ती याच आठवड्यात, म्हणून तिचा सूर तसा होता.

कारण सापडलं ते वैतागून वाटीकडे नाक लावून बसल्यावर. वाटीचा काठ पाण्याच्या बरोबरीला आला. मला वाटलं आता बुडणार. बुडाली नाही. काठ पाण्याच्या खाली गेला तरी पाणी आत आलं नाही. काठाभोवती गोल उभं राहिलं, फुगून, काचेची बांगडी ठेवावी तसं. बाल्कनीचा दिवा त्यात वाकडा होऊन फिरत होता. वाटी काठाच्या खाली जाऊनही तरंगत होती. मी श्वास रोखला होता, नाही तर नक्की फुंकर बसली असती. मग एका जागी, मी वाटी उचलताना जिथे अंगठा ठेवते बरोबर त्याच्या शेजारून, पाण्याची जीभ आत आली आणि बाकीचं सगळं एका क्षणात झालं. तळाला ठण्. पाण्यातून येणारा हा आवाज इतका मऊ आहे की समेला भांड्यांनीच घंटेसारखं वाजावं ही कल्पना मी तिथेच सोडून दिली.

पाणी काठावर दोनेक मिलीमीटर असं उभं राहू शकतं. ऐकायला एवढंच; पण वाटी शेवटच्या टप्प्यात इतकी सावकाश उतरते की तेवढ्यासाठी तिला एक-सव्वा मिनिट लागतं. काठाला हाताचं तेल असेल तर पाणी जास्त वेळ थोपून राहतं, काठ स्वच्छ असेल तर लवकर आत येतं. म्हणजे इतके दिवस मी भोक घासत होते आणि खोटेपणा काठावर होता.

साताऱ्याच्या आत्याला फोनवर हे सांगितलं तर ती म्हणाली, “अगं, आमच्या लग्नात गुरुजींनी वाटी आधी चिंचेने घासून घेतली, पाण्यातून काढली आणि ओलीच सोडली. आम्हाला वाटलं सोवळं आहे.” सोवळंही असेल. मी चिंच-मीठ लावून तिन्ही काठ घासले, भांडी बुचकळून ओली केली, काठाला बोट न लावता लाकडी चिमट्याने सोडली. सव्विसाव्या फेरीत अंतर ५८ सेकंद. मग कानशीने प्रत्येक काठाला एक बारीक खाच दिली, म्हणजे पाण्याला आत यायची वाट ठरलेली. एकतिसावी फेरी, २१ सेकंद. एका पळाच्या आत! रात्री साडेअकराला मी टाळी वाजवली आणि खालच्या मजल्यावरचा कुत्रा भुंकला.

खाचेबद्दल मन अजून दोन ठिकाणी आहे. खाच आली आणि ती पाण्याची बांगडी गेली. आता काठ पाण्याला टेकला की खाचेतून मुकाट्याने धार लागते. वेळ सुधारला, पण या सगळ्यात बघण्यासारखं जे सर्वात सुंदर होतं तेच मी कानशीने घासून टाकलं. बिनखाचेची दुसरी वाटी करून घ्यायचा विचार आहे, समेत न बसणारी, नुसती बघायला.

आता लय दिसण्याबद्दल, कारण यात माझा अंदाज साफ चुकला. प्रत्येक भांड्यात उदबत्तीची काडी उभी करून तिच्या टोकाला लाल मणी लावला होता. कल्पना अशी की तीन मणी वेगवेगळ्या चालीने उतरताना दिसतील. दिसतात, पण जेमतेम. बारा मिनिटांनी डबा आपल्या वाटेच्या अर्ध्यावर असतो, वाटी साधारण साठ टक्क्यांवर. सगळी वाट मिळून चार-साडेचार सें.मी., तिचे दहा टक्के म्हणजे चार मिलीमीटर. मला माहीत असल्यामुळे मला दिसतं. घरच्यांना ‘तीन भांडी हळूहळू बुडतायत’ एवढंच दिसलं, आणि त्यांचं चुकलं नाही.

म्हणून आता खराट्याचे हीर. एका हिराला टोकापासून सहाव्या भागावर सुईचा टेकू, आखूड टोकाला भांड्यातून आलेला दोरा, लांब टोकाला मणी आणि मागे कोरा कागद. भांडं चार मिलीमीटर उतरलं की मणी दोन सें.मी. चढतो. हीर हलका असतो आणि आपला आपण सरळ राहतो; प्लास्टिकची नळी आणि बांबूची सळी दोन्ही वापरून पाहिल्या, दोन्ही जड. दोरा भांड्याला वर ओढतो, त्यामुळे वेळ वाढते, तेव्हा तिन्ही हीर वजनाला सारखे हवेत. ते मी सोनाराकडच्या काट्यावर तोलून आणले. सोनार काही बोलला नाही, पण बोलला असता तर बरं झालं असतं असं त्याचं तोंड होतं.

या बदलानंतर पहिल्यांदाच कोणी तरी आपण होऊन बघत बसलं. आठ वर्षांचा पुतण्या. वाटीचा मणी पुढे पळाला तेव्हा तो वाटीच्या बाजूने होता. अठराव्या मिनिटापासून गडूने वेग घेतला तसा तो उठून उभा राहिला आणि “गडू, गडू!” म्हणून ओरडायला लागला. तिघं सात-आठ सेकंदांत पाठोपाठ बुडाल्यावर त्याचा एकच प्रश्न होता: “जिंकलं कोण?” शर्यत नाहीये, सम आहे, हे समजवायचा प्रयत्न मी सोडून दिला.

पाण्याचं. आमच्याकडे उन्हाळ्यात टँकर येतो, आणि त्या जड पाण्याचा पांढरा थर भोकात बसतो. आठवड्याभरात वाटी पाऊण मिनिट मंदावली होती. चिंचेने निघतो, पण दर वेळी घासताना भोकही किंचित वाढत असणार, म्हणून आता गाळून उकळून गार केलेलं पाणी. गारठ्याने पाणी दाट होतं आणि भोकातून सावकाश येतं. सकाळी सहाची फेरी दुपारच्या फेरीपेक्षा अर्धा-पाऊण मिनिट लांब असते. यात एक गंमत आहे: तिन्ही भांडी एकाच पाण्यात असल्यामुळे मंदावतात तीही जवळपास बरोबरीने. घटका २४ ची पावणेपंचवीस होते, सम टिकते. घड्याळ म्हणून नापास, साज म्हणून पास.

भांडी आपली आपण वर यावीत ही हौस तूर्त बाजूला ठेवली आहे. १२०६ साली अल-जझरी या यंत्रकाराने आपल्या यंत्रांच्या ग्रंथात हत्तीचं घड्याळ दिलंय, त्यात हत्तीच्या पोटात अशीच बुडणारी वाटी आहे. अर्ध्या तासाने ती बुडते, दोरी ओढली जाते, वरून गोळी सुटून सापाच्या तोंडात पडते, तिच्या वजनाने साप झुकतो आणि तीच झुकती हालचाल वाटीला पुन्हा वर खेचते. मी बेअरिंगची गोळी आणि लाकडी तरफ लावून फक्त वाटीपुरतं करून पाहिलं. दहांतून तीनदा जमलं. उरलेल्या सात वेळा गोळी कुठे गेली ते विचारू नका. एक खालच्या मजल्यावरच्या तुळशीत सापडली.

ज्यांना करून बघायचंय त्यांना एकच आगाऊ सल्ला, घंगाळ मोठं घ्या. तरंगती भांडी जवळ आली की एकमेकांकडे ओढली जातात आणि चिकटतात. आजीच्या घंगाळाचा व्यास पन्नास सें.मी. आहे तरी मला मध्ये बांबूच्या कामट्यांचे आडोसे घालावे लागले.

एकतिसाव्या फेरीपासून काल रात्रीपर्यंत अकरा फेऱ्या झाल्या, त्यातल्या सात एका पळाच्या आत. एक फेरी कबुतराने उधळली, ती धरलेली नाही. पुढचं भांडं औट घटकेचं करायचं आहे, ८४ मिनिटांचं, शंकू उलटा धरावा तसं, म्हणजे वाटीपेक्षाही जास्त रेंगाळेल. काकांना रेखाटन दाखवलंय. ते म्हणाले, “याचं भोक तुम्ही आधी मोजून आणा. मी टिचक्या मारणार नाही.”

बेचाळिसावी फेरी आता चालू आहे, एकोणीस मिनिटं झाली. वाटीचा मणी वर जाऊन जवळजवळ थांबलाय, डब्याचा त्याच्या खाली दोन बोटं, आणि गडूचा आत्ता कुठे धावायला लागलाय. उठते, काठ बघायला हवेत.